नमुन्यावरचे नाव

रक्ताचा, थुंकीचा वा ऊतीचा 'नमुना' हा आपल्या व्यवसायातील रोजचा शब्द. नळीवर रुग्णाचे नाव नसेल, तर तो नमुना कितीही काळजीपूर्वक घेतलेला असो, प्रयोगशाळा तो परत पाठवते. आणि ते योग्यच असते. गेल्या काही महिन्यांत मी जे संगीत सवडीने ऐकत आहे, त्या अमेरिकी हिपहॉप संगीतातही 'सॅम्पल', म्हणजे नमुना, हाच शब्द मध्यवर्ती आहे. तेथील नमुन्यांवर नाव असते का, असल्यास कोणाचे असते, आणि नसल्यास काय घडते, याचा माग काढता काढता मी थेट लता मंगेशकर आणि मोहम्मद रफी यांच्यापर्यंत येऊन पोहोचलो. ('हिपहॉप' या शब्दातील पहिल्या अक्षरांमुळे प्रस्तुत लेख अस्थिरोगतज्ज्ञांसाठी आहे, असा समज कृपया होऊ नये.)

ज्यांना या संगीताचा परिचय नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. ११ ऑगस्ट १९७३ रोजी न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात, बहिणीने आयोजित केलेल्या एका मेजवानीत, 'कूल हर्क' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या तरुणाने तबकड्या वाजवल्या. हा दिवस हिपहॉपचा जन्मदिवस मानला जातो. दोन यंत्रांवर एकाच गाण्याच्या दोन तबकड्या ठेवायच्या आणि गायन थांबून केवळ ताल वाजतो तेवढाच भाग आलटून पालटून लांबवत न्यायचा, ही त्याची रीत पुढे या संगीताचा पाया ठरली. त्या ठेक्यावर लयबद्ध शब्दांत कथन करायचे, हा दुसरा भाग. शाहिराचा पोवाडा ऐकलेल्या मराठी माणसाला यात फार नवल वाटू नये. ऐंशीच्या दशकात ध्वनीचा तुकडा साठवून हवा तसा फिरवणारी यंत्रे सामान्य कलावंतांच्या आवाक्यात आली आणि जुन्या गाण्यांच्या तुकड्यांतून नवे गाणे रचण्याची कला बहरली. आपल्या आजीची गोधडी अशीच असे. कोणाच्या लुगड्याचा काठ, कोणाच्या सदऱ्याची बाही. गोधडी नवी आणि चिंध्या जुन्या. फरक इतकाच की हा तुकडा आत्याच्या शालूचा आणि तो आजोबांच्या धोतराचा, हे घरातल्या लहान मुलालाही ठाऊक असे.

ज्या अल्बमकडे मी पुन्हा वळलो त्याचे नाव 'द डॉक्युमेंटरी'. जानेवारी २००५ मध्ये तो प्रकाशित झाला आणि अमेरिकेच्या 'बिलबोर्ड' यादीत पहिल्या क्रमांकावर गेला. आज त्या प्रकारातील अभिजात कृतींत त्याची गणना होते. कलावंताचे नाव 'द गेम', मूळ नाव जेसिऑन टेलर, लॉस एंजेलिसजवळच्या कॉम्प्टन शहराचा. कार्यकारी निर्माते दोघे, डॉ. ड्रे आणि फिफ्टी सेंट. पैकी पहिले आपल्या संघटनेचे सभासद नाहीत. हा टेलर २००१ साली गोळीबारात गंभीर जखमी झाला होता आणि तीन दिवस बेशुद्धावस्थेत होता. प्रकृती सुधारत असताना त्याने भावाकडून या संगीतातील गाजलेले अल्बम मागवून घेतले आणि ते पुन्हा पुन्हा ऐकून ही कला आत्मसात केली. दीर्घ विश्रांतीचा सल्ला आपण रुग्णांना नेहमी देतो. तिचा इतका फलदायी उपयोग मी क्वचितच पाहिला आहे.

२००५-०६ च्या सुमारास हे संगीत आमच्या घरी आले ते नागपूरला शिकणाऱ्या पुतण्यामुळे. तो काळ एमपीथ्री तबकड्यांचा होता. एका तबकडीत दीडशे गाणी, आणि ती गोंदिया-नागपुरातच नव्हे तर आपल्या बालाघाटच्या बाजारातही वीस-पंचवीस रुपयांत मिळत. वेष्टनावर 'इंग्लिश हिट्स' एवढेच छापलेले असे. गायक कोण, संगीतकार कोण, अल्बम कोणता, कशाचाच पत्ता नसे. गाण्यांचा क्रमही तबकडी बनवणाऱ्याच्या मर्जीचा. सांगायचे तात्पर्य, तेव्हा कानावर पडले ते सुटे तुकडे होते, अल्बम नव्हता. आता महिन्याची वर्गणी भरून तो पहिल्या गीतापासून शेवटच्या गीतापर्यंत, मूळ क्रमाने ऐकता येतो. स्पॉटिफाय ही सेवा भारतात फेब्रुवारी २०१९ मध्ये आली. तशा इतरही आहेत.

अल्बमची भाषा शिवराळ आहे, हे आधीच सांगितलेले बरे. नातवंडांसमवेत ध्वनिवर्धकावर लावण्यासारखा तो नाही. टोळीयुद्धे, मत्सर, बढाई यांचा बराच मजकूर मला आजही नीरस वाटतो. परंतु 'हेट इट ऑर लव्ह इट' हे बालपणाची आठवण सांगणारे गीत अस्सल आहे. ट्रॅम्प्स या जुन्या वाद्यवृंदाच्या गाण्याचा तुकडा त्याच्या बुडाशी असा काही बसला आहे की दुःखाच्या कहाणीला एक प्रकारचा उमाळा यावा. आणि शेवटचे 'लाइक फादर, लाइक सन' हे तर मुलाच्या जन्माविषयी आहे. एरवी कशालाही न भिणारा हा गडी तेथे एखाद्या सामान्य बापासारखा बोलतो. प्रसूतिकक्षात आयुष्य घालवलेल्या आपल्या भगिनींना, शिव्यांकडे कानाडोळा करून, ते ऐकण्याची शिफारस मी अवश्य करीन.

या अल्बमची आणखी एक खासियत म्हणजे नावे. आपल्या आधीच्या कलावंतांची, त्यांच्या अल्बमांची, दिवंगत मित्रांची नावे टेलर इतक्या वेळा घेतो की त्याबद्दल त्याची थट्टाही झाली. मला ती सवय आवडते. आपल्याकडे गवई घराण्याच्या गुरूचे नाव घेताना कानाच्या पाळीला हात लावतो, त्याच जातीची ती आहे. मात्र अल्बममधील 'पुट यू ऑन द गेम' या गीतात दोन नावे नाहीत, आणि ती आपल्या घरातील आहेत.

ते गीत टिंबालंड या नामवंत निर्मात्याने रचले. त्यात एका हिंदी गाण्याचा अगदी लहानसा तुकडा पुन्हा पुन्हा येतो. गाणे आहे १९६९ च्या 'आराधना' मधील 'बागों में बहार है'. राजेश खन्ना आणि फरीदा जलाल यांच्यावर चित्रित झालेले, प्रश्नोत्तरांच्या लाडिक चालीवर चालणारे ते द्वंद्वगीत आपल्या पिढीला वेगळे सांगायला नको. शब्द आनंद बक्षींचे, संगीत सचिनदेव बर्मन यांचे, आवाज लता मंगेशकर आणि मोहम्मद रफी यांचे. ठेक्याच्या गदारोळात तो तुकडा ओळखणे सोपे नाही. मलाही तो कानाने उमगला नाही. एका अमेरिकी न्यायालयाचा निकाल वाचनात आला आणि मग मी कान देऊन ऐकले.

निकालाकडे वळण्यापूर्वी या दोन आवाजांविषयी एक जुनी गोष्ट सांगणे अगत्याचे आहे. लतादीदींचा जन्म आपल्या मध्यप्रदेशात, इंदूरला, १९२९ सालचा. त्यांच्या नावाचा राष्ट्रीय सन्मान आपले राज्य शासन १९८४ पासून देत आले आहे. गाण्यातील त्यांचा अधिकार सर्वश्रुत आहे. व्यवहारातील त्यांचा करारीपणा तितका बोलला जात नाही. साठच्या दशकाच्या पूर्वार्धात त्यांनी अशी मागणी केली की ध्वनिमुद्रिकांच्या विक्रीतून येणाऱ्या स्वामित्वधनात गायकालाही वाटा मिळावा. रफीसाहेबांचे मत निराळे होते. ठरलेले मानधन हाती पडले की गायकाचा हक्क संपला, असे ते मानत. त्या सरळ, निर्लोभी माणसाला हे बोलणे शोभतही होते. परंतु मतभेद इतका वाढला की काही वर्षे दोघांनी एकत्र गाणे थांबवले. १९६७ पर्यंत तो अबोला मिटला आणि पुढे 'आराधना' चे हे द्वंद्वगीत झाले. गाण्यावर गाणाऱ्याचा हक्क किती, या एकाच प्रश्नावर दुरावलेले हे दोन आवाज, आणि तोच प्रश्न घेऊन त्यांचे गाणे सुमारे चाळीस वर्षांनी अमेरिकेच्या न्यायालयात उभे राहिले, हा योगायोग मला फार विलक्षण वाटतो.

खटला भरला होता सारेगामा या कंपनीने, म्हणजे आपल्या जुन्या ग्रामोफोन कंपनीने. प्रतिवादी टिंबालंड, म्हणजे टिमोथी मोस्ली, व इतर. २०११ साली अमेरिकेच्या अकराव्या परिमंडलाच्या अपील न्यायालयाने कंपनीच्या विरोधात निर्णय दिला. कारण मोठे मजेशीर आहे. तुकडा घेतला की नाही, यावर तो निर्णय आधारलेला नव्हता. ग्रामोफोन कंपनी आणि शक्ती फिल्म्स यांच्यात १९६७ साली झालेला करार न्यायमूर्तींनी वाचला आणि त्यातून कंपनीला मिळालेला अनन्य हक्क दोन वर्षांपुरताच होता, असा त्याचा अर्थ लावला. ज्याची मालकीच नाही त्याला चोरीची तक्रार कशी करता येईल? खटला तेथेच संपला. दोन्ही बाजूंच्या वकिलांनी किती कागद झिजवले असतील याची कल्पना करावी; आणि या सगळ्यात लता व रफी हे प्रश्नाचा भागच नव्हते.

असा हा पहिला खटला नव्हे. २००२ साली ट्रुथ हर्ट्स या गायिकेचे 'अॅडिक्टिव्ह' हे गीत अमेरिकेत गाजले. तेही डॉ. ड्रे यांच्याच 'आफ्टरमॅथ' या संस्थेचे. त्यात १९८१ च्या 'ज्योती' या चित्रपटातील 'थोडा रेशम लगता है' हे लतादीदींचे गाणे लहान तुकड्याने नव्हे, तर जवळजवळ आख्ख्या गीतभर वाजत राहते. डीजे क्विक या निर्मात्याने ते दूरचित्रवाणीवर ऐकले आणि वापरले. आपल्याकडे ते मूळ गाणे जवळपास विस्मृतीत गेले होते. या प्रकारानंतर त्याच वर्षी 'कलियों का चमन' या नावाने त्याची नवी आवृत्ती निघाली आणि लग्नाच्या वरातींत वर्षभर दुसरे काही वाजले नाही. वाचकांस ते वर्ष आठवत असेल. सारेगामाने अमेरिकेत दावा लावला, संगीतकार बप्पी लाहिरींनीही लावला. फेब्रुवारी २००३ मध्ये तेथील न्यायाधीशांनी आदेश दिला की लाहिरींचे नाव छापल्याशिवाय त्या अल्बमची पुढील विक्री करू नये. भरपाईचा हिशेब नंतर, आधी नाव. आपल्या प्रयोगशाळेचा नियम आणि हा आदेश यांत मला काही अंतर दिसत नाही.

पण पुढे काय झाले पाहा. सुनावणी चालू राहिली आणि असे सिद्ध झाले की ते गाणे लाहिरींनी प्रमोद फिल्म्ससाठी मोबदला घेऊन रचले होते, म्हणून स्वामित्व निर्मात्याचे आणि निर्मात्याकडून कंपनीचे. संगीतकाराचा दावा निराधार ठरला. तो चालवल्याबद्दल त्यांच्या वकिलाला अडीच लाख डॉलरांहून अधिक दंड झाला आणि २०१० साली नवव्या परिमंडलाच्या अपील न्यायालयाने तो कायम केला. २०२२ च्या फेब्रुवारीत लतादीदी ६ तारखेला गेल्या आणि बप्पी लाहिरी १५ तारखेला. नऊ दिवसांच्या अंतराने देशाने दोघांना निरोप दिला, तेव्हा वृत्तपत्रांत शेकडो गाण्यांच्या याद्या आल्या.

या साऱ्याचे मूळ अमेरिकेत नाही. ते आपल्या सर्वोच्च न्यायालयाच्या १९७७ च्या निकालात आहे. चित्रपटासाठी निर्मात्याने मोबदला देऊन संगीत करून घेतले आणि वेगळा करार केलेला नसला, तर पहिला स्वामी निर्माताच, असे त्यात ठरले. मात्र न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी आपले स्वतंत्र टिपण जोडले. पाश्चात्त्य संगीताच्या कल्पनेवर बेतलेला हा कायदा रचनाकाराला ओळखतो, गायकाला ओळखत नाही. भारतीय संगीतात तर गाणाऱ्याच्या कंठातच गाणे आकार घेते, तेव्हा कायदेमंडळाने याचा विचार करावा, असा त्याचा आशय होता. न्यायालयीन वाङ्मय सहसा रुक्ष असते. हे टिपण मी दोनदा वाचले. विचार व्हायला वेळ लागला. कलावंताचे हक्क कायद्यात आले ते १९९४ साली, आणि गीतकार, संगीतकार व गायक यांचा स्वामित्वधनाचा हक्क पक्का झाला तो २०१२ च्या दुरुस्तीने. लतादीदींच्या त्या मागणीनंतर जवळपास अर्ध्या शतकाने.

सर्व ठिकाणी असेच घडले असे नाही. 'द डॉक्युमेंटरी' ज्या वर्षीचा त्याच वर्षी, २००५ मध्ये, ब्लॅक आइड पीज या चमूने 'डोन्ट फंक विथ माय हार्ट' मध्ये आशा भोसले यांच्या दोन गाण्यांचा उपयोग केला; एक 'अपराध' मधील, दुसरे 'डॉन' मधील 'ये मेरा दिल'. कल्याणजी-आनंदजींचे श्रेय त्यात रीतसर दिलेले आहे आणि २००६ साली त्या गीताला रॅप विभागातील ग्रॅमी पुरस्कारही मिळाला. नाव दिल्याने कोणाचे काही अडले नाही.

उलट, श्रेय आणि परवाने यांच्या गुंत्यात एक अप्रतिम अल्बम कसा अडकून पडला, तेही पाहण्यासारखे आहे. 'थ्री फीट हाय अँड रायझिंग' हा डे ला सोल या न्यूयॉर्कजवळच्या तीन तरुणांच्या संचाचा अल्बम ३ मार्च १९८९ रोजी आला. हिपहॉपमध्ये मला सर्वांत प्रिय असा हाच. विनोदी, खेळकर, शाळेच्या स्नेहसंमेलनासारखा. जुनी लोकगीते, फ्रेंच शिकवणारी तबकडी, मुलांना तीनचा पाढा शिकवणारे गाणे, काय वाटेल ते त्यांनी त्यात जोडले. यांपैकी एका तुकड्यावरून टर्टल्स या जुन्या वाद्यवृंदाने दावा लावला. १९९१ मध्ये दुसऱ्या एका खटल्यात न्यायाधीशांनी बायबलमधील चोरीविरुद्धच्या आज्ञेने निकालाची सुरुवात केली आणि त्या दिवसापासून परवान्याविना तुकडा वापरण्याचा मोकळा काळ संपला. डे ला सोलचे जुने करार तबकडी आणि कॅसेट एवढ्यांपुरते होते. इंटरनेटवरून विक्रीचा उल्लेख त्यांत असणार कोठून? परिणामी जगातील बहुतेक सारे संगीत भ्रमणध्वनीवर आले तरी हा अल्बम तेथे नव्हता. पैसे मोजायला तयार असणाऱ्यालाही अधिकृत मार्ग नव्हता. २०१४ साली कंटाळून त्या संचानेच आपले जुने संगीत पंचवीस तासांपुरते चाहत्यांना मोफत उतरवून घेऊ दिले. कंपनीची मालकी बदलली, परवाने नव्याने मिळवले गेले, काही तुकडे बदलले, आणि अखेर ३ मार्च २०२३ रोजी, बरोबर चौतीस वर्षांनी, तो अल्बम अधिकृतरीत्या ऐकता येऊ लागला. तिघांपैकी डेव्हिड जोलिकोर त्याआधी तीनच आठवडे, १२ फेब्रुवारीला, वारला. वय अवघे ५४. हृदय निकामी होण्याच्या आपल्या व्याधीविषयी तो जाहीरपणे बोलला होता. मी तो अल्बम ऐकतो तेव्हा त्याच्या खोडकर आवाजात मला आमच्या ओपीडीतले, धाप लागत असतानाही थट्टा सोडत नसलेले काही रुग्ण आठवतात.

नमुन्याचा विषय निघाला आहे तर आपल्याच क्षेत्रातील एक गोष्ट सांगितल्याविना राहवत नाही. १९५१ साली बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स रुग्णालयात हेन्रिएटा लॅक्स या कृष्णवर्णी स्त्रीच्या गर्भाशयमुखाच्या कर्करोगातून पेशी घेण्यात आल्या. तिची संमती घेतली नव्हती. 'हीला' नावाने त्या जगभर वाढवल्या गेल्या, पोलिओ लशीपासून असंख्य संशोधनांना उपयोगी पडल्या. तिचे नाव कित्येक वर्षे 'हेलन लेन' असे चुकीचे छापले जात होते. तिच्या वारसांनी एका मोठ्या कंपनीविरुद्ध लावलेला दावा २०२३ साली तडजोडीने मिटला. पेशी आणि सूर यांची तुलना मी ताणणार नाही. पण संमतीपत्राचे महत्त्व ज्यांना विद्यार्थ्यांसमोर समजावून सांगावे लागते, त्यांना सॅम्पलचा हा वाद कळायला अवघड जाऊ नये.

आता व्यवहाराचे थोडे. घरी बसून वर्गणी भरलेल्या सेवेवर वा 'कारवाँ' सारख्या संचावर गाणी ऐकण्यात काही अडचण नाही. २०१७ साली आलेला तो पाच हजार गाण्यांचा संच आपल्यापैकी कित्येकांच्या आईवडिलांच्या उशाशी असतो. परंतु तीच गाणी दवाखान्याच्या प्रतीक्षालयात रुग्णांसाठी लावली, तर कायद्याच्या दृष्टीने ते सार्वजनिक सादरीकरण ठरू शकते व त्यासाठी वेगळा परवाना लागतो, हे बहुतेकांच्या ध्यानात नसते. गंमत म्हणजे लग्नाच्या वरातीला कायद्याने सूट आहे. वार्षिक स्नेहसंमेलनाला ती नाही.

आपल्या देशात ध्वनिमुद्रणाचे स्वामित्व प्रकाशनानंतर साठ वर्षे टिकते. पूर्वी ही मुदत पन्नास होती, रवींद्रनाथांच्या साहित्याची मुदत संपू लागली तेव्हा १९९२ मध्ये ती वाढवली गेली. त्या हिशेबाने 'आराधना' चे १९६९ चे मुद्रण १ जानेवारी २०३० पासून सर्वांना खुले होईल. बर्मनदांची चाल २०३५ अखेरपर्यंत आणि बक्षींचे शब्द २०६२ अखेरपर्यंत मात्र संरक्षित राहतील. यंदाच्या स्नेहसंमेलनात आपल्या वाद्यवृंदाने 'बागों में बहार है' निवडले आहे, असे समजते. कार्यक्रमपत्रिकेत आपण गाण्यापुढे केवळ चित्रपटाचे नाव छापत आलो. त्यासोबत गीतकार, संगीतकार आणि मूळ गायकांची नावे द्यावीत, अशी सूचना मी सांस्कृतिक समितीकडे दिली व ती मान्यही झाली. मुद्रकाने एक पान वाढेल असे कळवले आहे.